माझ्या तोंडात दुसऱ्याचा आवाज

सिनेमातलं माझं काम केवढं, तर चार प्रसंग आणि अकरा वाक्यं. पण तलासरीकडच्या आमच्या पाड्यातून पडद्यावर बोलणारा पहिलाच मी, त्यामुळे त्या अकरा वाक्यांसाठी मी वर्षभर सुट्ट्या साठवल्या होत्या.

त्याआधी डहाणूच्या फुग्यांच्या कारखान्यात नोकरी सांभाळून मी एकांकिका करायचो. स्पर्धेतले परीक्षक माझ्या आवाजाला बक्षीस द्यायचे. मालिकावाल्यांना मात्र तो आवाज नकोच असायचा. मालिकांत मी तीनदा हवालदार झालो, दोनदा वॉचमन आणि एकदा प्रेत. प्रेताचं काम सगळ्यांना आवडलं.

सिनेमाचं शूटिंग २०१६ च्या थंडीत चिखल्याला, किनाऱ्यावरच्या सुरूच्या बनात झालं. माझं पात्र आमच्यातलंच, वारली मजुराचं. तो कामावरून घरी येतो तर झोपडी रिकामी. संवाद हातात आला, "म्हाजी माय कुटं गेली वं?" माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. आमच्याकडे आईला माय म्हणत नाहीत, आणि ते 'वं' तर थेट वऱ्हाडातून आणलेलं. लेखक मुंबईचा. खेडं म्हटलं की साऱ्या महाराष्ट्रातली खेडी त्याच्या एकाच पिशवीत.

आमचा माणूस "मानी आयस कठं गेली?" असं म्हणेल, हे मी सांगितलं. लेखक म्हणाला, प्रेक्षकांना कळणार नाही. समोर रिकामी झोपडी दिसत असताना त्यात न कळण्यासारखं काय आहे, असं मी विचारलं. शेवटी दिग्दर्शकाने कंटाळून मला माझं म्हणू दिलं. कट झाल्यावर चहा देणाऱ्या नरपडच्या बाई पदराने डोळे पुसत होत्या. मला वाटलं, जिंकलो.

समुद्रावरच्या वाऱ्यामुळे आवाज नीट आला नव्हता, डबिंगला बोलावणार होते. तीन-चार महिने वाट पाहून मीच त्यांच्या मुंबईच्या ऑफिसात फोन केला. तिथली सहायक बाई अगदी गोड बोलली.

"सर, तुमचं डबिंग इथल्या एका आर्टिस्टकडून करून घेतलं. तुमचा आवाज आदिवासी वाटत नव्हता."

मी काय केलं? काहीही नाही. "ठीक आहे मॅडम" म्हणालो. चिडलो तो फोन ठेवल्यावर, चारोटीच्या नाक्यावर, एका वडापाववाल्यावर. त्या बिचाऱ्याची काही चूक नव्हती, चटणी तेवढी तिखट होती. पुढचं काम मिळेल म्हणून मी मूग गिळून बसलो, आणि पुढचं काम मिळालं ते परत हवालदाराचं. त्या लोकांचा राग अजून येतो. माझ्या तोंडून निघालेल्या त्या 'मॅडम'चा त्याहून जास्त येतो.

आईला मी हे सांगितलं नाही. तिची नजर कधीचीच पार गेली होती. मला ती एकांकिकेतसुद्धा फक्त ऐकायची, आणि सिनेमाही ऐकायलाच बसणार होती. दोन वर्षांनी एका रविवारी दुपारी तो टीव्हीवर लागला. आदल्या दिवशीच तिने पाडाभर निरोप दिला होता. अंगण भरलं. आईला टीव्हीच्या अगदी जवळ बसवलं. मी मागे दाराला टेकून उभा राहिलो.

माझा चेहरा दिसला तशी पोरं ओरडणार होती, तेवढ्यात त्या तोंडातून भलताच जाडाभरडा आवाज आला. सगळे वळून माझ्याकडे बघायला लागले. कोणी हसलं असतं तर बरं वाटलं असतं. कोणी हसलं नाही, आणि आईला सांगायला कोणाची जीभ रेटेना. ती कान देऊन बसून राहिली. मधे कोणी खोकलं तर हाताने गप्प करत होती. झोपडीचा प्रसंग आला, तो माणूस "म्हाजी माय, म्हाजी माय" करत रडला आणि गेला.

सिनेमा संपला, जाहिराती सुरू झाल्या. लोक एकेक करून उठले. आई उठेना.

"तू कदी बोलशील?" तिने विचारलं.

"संपला सिनेमा," मी म्हणालो. "माझं काम कापलं."

तिने उठायला हात पुढे केला. मग म्हणाली, "तो माय माय करं, तो कोण? त्याला रडाया पन नाहीं ये."

"मुंबईचा आहे कोणीतरी," मी म्हणालो.