विसाव्याचा दगड स्विमिंग पूलपाशी आहे

माझा बाप मेल्यावर शेठच्या गेटातून आत गेला. जिवंतपणी त्याला कुणी जाऊ दिलं नव्हतं.

आज आबांचं वर्षश्राद्ध. सकाळपासून फोन येतायत, "तुझे आबा किती शांत होते गं."

शांत? माझे आबा? अहो, तो माणूस डूख धरून बसायचा. आणि मी त्यांचीच मुलगी आहे.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगते.

आमची वाडी लोणावळ्याजवळ, औंढ्याच्या पुढे. वाडीतून एक वाट निघायची, आमच्या भाताच्या खाचरावरून ओढ्याकाठच्या स्मशानात जायची. आजा-पणजापासूनची वहिवाट. मधली जमीन मुंबईच्या एका शेठने घेतली, व्हिला बांधला, कंपाउंड घातलं आणि वाट आतच घेऊन टाकली. गेटला कुलूप.

आबा म्हणाले, "शेठ, जमीन तुमची, पन वाट गावाची हाय."

शेठ म्हणाला, "कागद दाखवा."

वाटेचा कागद कोण करून ठेवतं हो?

वडगावला तहसीलमध्ये दावा लावला. आबा प्रत्येक तारखेला धुतलेला सदरा घालून जायचे. शेठचा वकील यायचाच नाही.

मग आई गेली. ऐन श्रावणात.

आमच्याकडे तिरडी निम्म्या वाटेवर एका दगडावर टेकवतात. त्याला विसावा म्हणतात. खांदेकरी बदलतात, गेलेलं माणूस घराकडे शेवटचं बघून घेतं, मग पुढे. तो विसावाही कंपाउंडच्या आत गेलेला. आम्ही गेटवर हात जोडले. शेठने वॉचमनला फोनवरून सांगितलं, "गेस्ट आहेत, उघडायचं नाही."

आईला ओढ्यातून नेलं. कमरेएवढं गढूळ पाणी. कुठेच टेकवता आली नाही.

आबा घरी येऊन एवढंच बोलले, "तिला टेकू दिलं न्हाई रांडच्यानं."

त्यानंतर त्यांनी तो विषय काढला नाही. मला वाटलं, खचले.

मी लोणावळ्यात एका हॉटेलच्या रिसेप्शनला आहे. एकदा बुकिंगच्या साइटवर त्याच व्हिलाचे फोटो दिसले. घरी येऊन आबांना दाखवले. निळाशार पूल, आणि पूलच्या कडेला बसायला एक काळा, सपाट दगड. त्यावर एक जोडपं, हातात ग्लास.

आबांनी मोबाईल डोळ्यांजवळ नेला. आणि हसायला लागले. ठसका लागेपर्यंत हसले.

"आगं बाय, ह्यो तर विसाव्याचा दगड! कडंचा टवका उडालाय बघ, त्योच!"

जेसीबीने जमीन सपाट करताना शेठला तो आवडला असणार. मढं टेकवायचा दगड त्याने उचलून पूलपाशी पाहुण्यांना बसायला ठेवला होता.

"सांगू का त्याला?" मी विचारलं.

"गप ऱ्हा. कुनी बोलायचं न्हाई. माझी येळ आली की मीच जाऊन सांगतो."

आमच्या वाडीत कुणाकडे कोंबडी शिजली तरी सगळ्यांना कळतं. पण हे कंपाउंडच्या आत, शेठपर्यंत गेलं नाही.

गेल्या वर्षी आबा गेले. रविवारी सकाळी तिरडी उचलली. ओढा आटलेला होता, तिकडून सहज जाता आलं असतं. आम्ही सरळ गेटवर गेलो. आमच्यात बायका स्मशानात जात नाहीत. मी गेले.

वॉचमन वाडीवरचाच. त्याने आधी टोपी काढली, मग कुलूप.

शेठ बर्मुड्यावर धावत आला. "अरे, ये क्या है? प्रायव्हेट प्रॉपर्टी आहे! गेस्ट आहेत!"

"असू द्या की," माझे चुलते म्हणाले. "आमी ऱ्हायला न्हाई आलो. आबाला जरा टेकवतो."

दगडावर एक मुलगी कॉफी घेऊन बसली होती. मी म्हटलं, "ताई, जरा उठता का? माझ्या वडिलांना टेकायचंय."

ती उठली. आम्ही आबांना ठेवलं, खांदे बदलले.

"इथेच का?" तिने घाबरत विचारलं.

मी रिसेप्शनवरच्या आवाजात, सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगितलं. वाडीतलं प्रत्येक मढं याच दगडावर ठेवायचे. माझी आजी, माझे आजोबा, सगळे इथेच टेकले. तुम्ही ज्यावर बसून कॉफी पीत होतात ना, त्यावरच.

पूलमधले भराभर बाहेर आले. एक काका शेठकडे वळून म्हणाले, "आपको पता था?"

आबा, तुमचे डोळे मिटलेले होते म्हणून सांगते. शेठचं तोंड बघण्यासारखं झालं होतं.

दुपारपर्यंत व्हिला रिकामा. रिव्ह्यू मी लिहिले नाहीत, देवाशप्पथ. पाहुण्यांनीच लिहिले. मी फक्त वाचायचे, रोज, चहाबरोबर.

तेराव्याला शेठ हात जोडून दारात. "तुमचा तो दगड घेऊन जा."

चुलते म्हणाले, "दगड आमचा न्हाई, वाटंचा हाय. आदी वाट मोकळी करा, मग दगड त्याच्या जाग्याव ठिवा."

त्या जागेवर शेठचं पार्किंग आहे. तो चहा न पिताच उठला.

आता म्हणे व्हिला विकायला काढलाय. जाहिरातीतल्या फोटोत दगडावर कुंड्या मांडल्यात. म्हणून ही पोस्ट मुद्दाम पब्लिक ठेवलीय. घ्यायला येणाऱ्यांनो, कुंड्या उचलून बघा.

लोक मला म्हणतात, "झालं ना मनासारखं? आता सोड."

का सोडू? वाट अजून कुलपातच आहे. आणि आबा, तुम्ही टेकलात, पण आई राहिलीय.

आज पान ठेवून झालं की आईचा फोटो घेऊन मी गेटवर येतेय. सगळी वाडी बरोबर आहे. शेठ, गेस्ट असतील तर आधीच उठवून ठेवा.

आबा, तुम्हाला इथेच भावपूर्ण श्रद्धांजली.

आईला दुपारी, दगडावर.