पिस्कॅटवेत खेळणारा कोल्हापूरचा हाफ

मी कोल्हापूर सोडलं त्या दिवशी आबा स्टेशनवर सगळ्यांत शेवटी आले. आईचं पिशव्या पुन्हा पुन्हा उघडून बघणं चाललं होतं, तालमीतली पोरं हार घेऊन हजर होती, एका मावशीनं तर रडायलाही सुरुवात केली होती, आणि ज्यांच्या पोराला अमेरिकेला जायचं त्या माणसाचा पत्ता नाही. गाडी सुटायच्या बेतात असताना आले ते थेट मैदानावरून, पोरांचा सराव संपवून. विजारीला गुडघ्यापर्यंत चिखल. वाकून नमस्कार केला तर म्हणाले, "औंदा बी संघात नाव घालतोय तुझं. दीड वर्षाचंच शिक्षाण हाय न्हवं? मग झालं की."

कोल्हापूरकरांना हे कळलं असेल. बाकीच्यांसाठी सांगतो. आमच्याकडं दर पेठेची एक तालीम. मूळ कुस्तीची, पण वेड फुटबॉलचंही तेवढंच. आबा आमच्या तालमीच्या संघाचे सेक्रेटरी, त्याआधी स्वतः हाफ, म्हणजे मधल्या फळीत खेळणारे, आणि मीही हाफ. हंगामाआधी प्रत्येक संघानं आपल्या खेळाडूंची नावं नोंदवायची. एकदा नाव घातलं की तुम्ही त्या तालमीचे. दुसऱ्या तालमीची जर्सी अंगावर घालणं म्हणजे लग्नाच्या मांडवातून पळून जाण्यासारखं. पेठेत तोंड दाखवायची सोय नाही. आणि जागा मोजक्याच असतात. एकाचं नाव घातलं की दुसरं एखादं पोर बाहेर बसतं.

तर अशा तऱ्हेनं मी ऐंशीच्या दशकाच्या सुरुवातीला न्यू जर्सीत पिस्कॅटवेला येऊन पडलो, आणि कोल्हापुरात लेफ्ट हाफ राहिलो.

इथं युनिव्हर्सिटीत आल्याबरोबर मी लायब्ररी शोधायच्या आधी मैदान शोधलं. बोरकर नावाचा नागपूरचा एक पीएच.डी. करणारा भाऊ आमच्या देशी विद्यार्थ्यांची टीम चालवायचा. रविवारी सकाळी तीन-चार टीमच्या आळीपाळीनं मॅच व्हायच्या. पहिल्याच रविवारी आमची मॅच संपली आणि पुढच्या मॅचला पाऊण तासावरच्या कर्नी गावच्या लोकांची टीम आली. कर्नीत जुने स्कॉटिश लोक फार. सगळे चाळिशीच्या आसपासचे, पोटं सुटलेले, पण बॉल असा गुपचूप एकमेकांकडं द्यायचे की बघत राहावं. त्यांचा एक गडी आला नव्हता. त्यांचा म्होरक्या, लाल चेहऱ्याचा, बसक्या बांध्याचा एक माणूस हातात मरून रंगाची जर्सी घेऊन सरळ माझ्याकडं आला आणि ती पुढं केली.

मी म्हणालो, नाही.

त्याला वाटलं मी दमलोय. दमलोय का? नाही. पाय दुखतोय? नाही. मग? मी म्हणालो, मी ह्यांच्या टीमचा आहे, आणि बोरकरकडं बोट दाखवलं. बोरकरनं कपाळाला हात लावला. "अबे, खेळ ना यार. आपली मॅच तर संपली. इथं कोण बघून राहिलंय तुला?" पण मी कसला ऐकतोय. बूट घालून, लेस घट्ट बांधून, मी ती अख्खी मॅच रेषेबाहेर उभा राहून बघितली. जीव नुसता तळमळत होता. ते दहा जणांनिशी खेळले आणि हरले.

मॅच संपल्यावर तो माणूस परत आला. मला वाटलं आता शिव्या खाव्या लागणार. तर त्यानं जवळ बसून विचारलं, "तू नेमका कुठून आलायस?" रागानं नाही, आपल्याकडं एखादं वेगळंच पाखरू अंगणात उतरलं तर आपण विचारू, तसं. त्याचं नाव डेव्ही. लोकांची किचन्स बसवून देणारा सुतार. आणि त्याआधी, स्कॉटलंडमध्ये, फुटबॉल खेळायचे पैसे मिळणारा माणूस.

आता मात्र माझी पाळी होती. कोल्हापुरात आम्ही असा माणूस फोटोतसुद्धा जवळून बघितला नव्हता. मला वाटलं, बंगले, गाड्या, लाखभर प्रेक्षक. मी प्रश्नांचा सपाटाच लावला. तो खो खो हसला. तो खालच्या डिव्हिजनमध्ये खेळलेला. दिवसभर सुतारकाम, मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी सराव, शनिवारी दुपारी मॅच. एका मैदानाला एवढा उतार की अर्धी मॅच चढ चढत खेळायची. एक मैदान समुद्राला इतकं लागून की वारा फिरला की गोलकिपरनं मारलेला बॉल त्याच्याच डोक्यावरून मागं जायचा. प्रेक्षक म्हणाल तर आमच्या पेठेतल्या पोरांच्या मॅचला जास्त येतात. एकदा कपच्या मॅचमध्ये ग्लासगोच्या एका बलाढ्य क्लबशी गाठ पडली होती. मला त्याच मॅचचं ऐकायचं होतं, आणि हा पठ्ठ्या सांगायचा पावसातल्या कुठल्यातरी शनिवारचं, जिथं काहीच घडलं नाही.

पण ज्यानं मी खरा चकित झालो ती गोष्ट वेगळी. डेव्ही चार क्लबांकडून खेळला होता. चार. मी विचारलं, तुम्हाला लाज नाही वाटली? असं तोंडावर विचारायचं नसतं हे मला आज कळतं, पण तेव्हा विचारलं. तो म्हणाला, लाज कसली, मी कुठं सोडून गेलो? हंगाम संपला की मॅनेजर एकेकाला खोलीत बोलवायचा. काहींना म्हणायचा, पुढच्या वर्षी ये. काहींना म्हणायचा, थँक्स, तू मोकळा. त्याला चारदा मोकळं केलं. पहिल्यांदा तो बसमध्ये तोंडावर टोपी ओढून रडला. कारण तो पहिला क्लब त्याच्या स्वतःच्या गावचा होता. त्याचा बाप दर शनिवारी तिथल्या गोलपोस्टच्या मागं उभा राहायचा.

"मग तुमच्या बाबांनी नव्या क्लबच्या मॅचला यायला सुरुवात केली असेल," मी म्हणालो.

डेव्ही म्हणाला, छे. बाप जुन्याच जागी उभा राहत गेला. क्लब तो क्लब, पोरगं ते पोरगं. पुढच्या वर्षी डेव्ही परक्या टीमकडून त्याच मैदानावर खेळायला गेला. सवयीनं पाय घरच्या ड्रेसिंग रूममध्ये गेले, आपल्या जुन्या खुंटीखाली जाऊन बसलासुद्धा, तेव्हा सगळे हसले. बाप गोलपोस्टच्या मागं होता. "त्या दिवशी त्यांनी टाळ्या कुणासाठी वाजवल्या?" मी विचारलं. डेव्ही बुटाचा चिखल काढू लागला. म्हणाला, मी कधी विचारलं नाही, आणि आता विचारायला ते नाहीत.

ते ऐकून मला आबा आठवले. 

कारण तिकडं काय चाललं होतं ते मला माहीत होतं. आमच्या घरी फोन नव्हता, समोरच्या औषधाच्या दुकानात यायचा. मी बुक करून फोन लावायचा, कुणीतरी आबांना हाक मारायचं, आणि आबा धापा टाकत येऊन पहिलं वाक्य तेच म्हणायचे: "नाव घातलंय तुझं." माझं दीड वर्ष संपलं. मला इथंच एका टेलिफोनच्या लॅबमध्ये नोकरी लागली. लग्न झालं, मंजू आली, आम्ही सेकंडहँड गाडी घेतली, विंटरमध्ये बर्फ शॉव्हेल करायला शिकलो. आबांचं नाव घालणं काही थांबलं नाही. चुलतभावाकडून कळायचं की पोरं कुरकुरतात, एका चांगल्या पोराची जागा अडते. पेठेत आबांना लोक चिडवतात, काय सेक्रेटरी, तुमचा अमेरिकेचा हाफ कधी उतरणार मैदानात? आणि आबा म्हणतात, उतरेल की. दर हंगामाला मी ठरवायचो, यंदा सांगायचं, आबा, नका घालू. आणि दर वेळी फोनवर तो दमलेला आवाज ऐकला की म्हणायचो, बरं.

मधल्या काळात बोरकर टेक्सासला गेला, बाकीचे सांता क्लाराला पांगले, आणि आमची टीम आपोआप बंद पडली. एका रविवारी डेव्हीनं पुन्हा ती मरून जर्सी पुढं केली. म्हणाला, आता तर तुझी टीमच नाही. मी घातली. पहिली दहा मिनिटं चोरी केल्यासारखं वाटलं, आणि मग बॉल पायाशी आला आणि काहीच वाटेना. आबांना मात्र हे बोललो नाही.

मग आमच्या मुलीचा जन्म झाला आणि आई-आबा आले. आईनं आल्याबरोबर किचनचा ताबा घेतला. आबांना मात्र करमेना. थर्मोस्टॅट कसा चालतो, कचऱ्याची गाडी किती माणसं चालवतात, शेजारचा आपल्या हातानं गवत का कापतो, सगळं विचारून झालं. रविवारी सकाळी त्यांनी माझी बॅग बघितली.

"कुठं?"

"खेळायला."

"कुणाकडनं?"

बघा, जगात दुसरा कुठलाही बाप विचारेल, काय खेळायला, किती वेळ. आमचे आबा विचारतात, कुणाकडनं. मी म्हणालो, "आहे इथली एक टीम." मंजूनं हातातला डबा तसाच धरला. आबांनी डोक्यावर टोपी चढवली, अंगात माझा जाड कोट घातला आणि म्हणाले, "चल, बघू."

मॅचभर आबा डेव्हीशेजारी रेषेवर उभे होते. डेव्हीचे गुडघे गेलेले, तो आता फक्त टीम लावायचा. दोघांना एकमेकांची भाषा ओ की ठो कळत नव्हती. मरून जर्सी घालून मैदानात उतरताना मी आबांकडं बघितलंच नाही. मध्यंतरापर्यंत त्यांचा आवाज नाही. आबा मैदानाकडेला गप्प उभे आहेत हे मी जन्मात पाहिलं नव्हतं. मला वाटलं, संपलं आता, घरी गेल्यावर बोलणं बंद. माझा प्रत्येक पास चुकत होता. मध्यंतरानंतर माझ्याकडून बॉल निसटला आणि मागून कोल्हापूर ऐकू आलं: "आरं, वर बघ की! कुणाला देतोयस, वाऱ्याला?" मला इतकं हायसं वाटलं की विचारू नका.

मॅच संपल्यावर आबांनी मला बोलावलं. डेव्हीकडं मान करून म्हणाले, "मी सांगतो ते इंग्रजीत सांग ह्येला."

मी घाम पुसत उभा राहिलो.

"म्हणावं, ह्यो लेफ्ट हाफ न्हाई. माझ्याकडं डावीकडं माणूस नव्हता म्हणून मी ह्येला तिथं घातला. ह्येला मधी खेळवा."

मी सांगितलं. डेव्हीनं टोपी मागं सारली.

"पहिली वीस मिनिटं झोपल्यागत खेळतो. तेवढ्यात वरडायचं न्हाई. वरडलं की बिघडतो." मी सांगितलं, जरा सौम्य करून. डेव्ही म्हणाला, ते माझ्या लक्षात आलंय.

"उजवा गुडघा जुना दुखावलेला हाय. पाऊस असला की पट्टी बांधायला लावा. आपणहून बांधत न्हाई." हेही सांगितलं.

"आणि म्हणावं, औंदापासनं मी ह्येचं नाव आमच्याकडं घालत न्हाई. तिकडं पोरं खोळंबल्यात. तुमच्याकडं घाला."

मी थांबलो. ज्या वाक्याची मी इतकी वर्षं वाट बघत होतो ते आलं होतं, आणि ते मलाच माझ्या तोंडानं दुसऱ्याच्या भाषेत म्हणायचं होतं.

"सांग की," आबा म्हणाले. "वेळ का लावतोयस?"

मी सांगितलं. कसं सांगितलं मला आठवत नाही. डेव्हीनं आधी माझ्याकडं बघितलं आणि विचारलं, "हे ते स्वतः म्हणाले? तुझ्या मनचं नाही ना?" मी म्हणालो, त्यांचंच. तेव्हा त्यानं टोपी काढून हातात घेतली आणि दुसरा हात पुढं केला. आबांनी तो दोन्ही हातांत धरला आणि बराच वेळ सोडला नाही. चारदा मोकळा झालेला तो माणूस. त्याला कुणी असं कधी कुणाच्या हाती दिलं नव्हतं. तो आबांना काहीतरी म्हणाला, भरभर, त्याच्या खास बोलीत. त्यातलं मलाही सगळं कळलं नाही, आणि आबांनी विचारलंही नाही. मी गाडी काढतो म्हणून पुढं गेलो आणि स्टिअरिंगवर डोकं ठेवून रडलो. सुटलो म्हणून की तुटलो म्हणून, हे मला आजही धड सांगता येत नाही.

त्याच हंगामात माझ्या जागी एक नवीन पोरगा आला. चांगला खेळतो असं आबा फोनवर सांगतात, आणि जरा जास्तच चांगला खेळतो असं सांगतात तेव्हा मला झोंबतं. मग कळतं, अजून झोंबतंय म्हणजे अजून आपण तिथलेच. पेठेतल्या मंडळींनो, तुम्ही विचारता परत कधी येणार. इथली देशी मंडळी विचारतात आता घर कुठलं मानायचं. ठाम उत्तर माझ्याजवळ नाही. एवढं सांगतो की इथंही आता मी कुणाचा तरी आहे, आणि तसं मला आबांनीच करून दिलं.

पावसाच्या रविवारी मैदानावर पोहोचलो की डेव्ही आधी माझ्या उजव्या गुडघ्याकडं बघतो. पट्टी नसली तर आत सोडत नाही. म्हणतो, "बांध आधी. तुझ्या बापाला मी काय सांगू?"