हिरवा ठिपका

हवामानबदलाशी कसं लढायचं, हे आम्हा परळच्या चाळकऱ्यांना शिकवायला एक मॅडम आल्या होत्या. वर्ग भरला मिलच्या जागेवरच्या काचेच्या टॉवरात, विसाव्या मजल्यावर. आम्हाला सामानाच्या लिफ्टने वर नेलं.

माझ्या शेजारी सत्तरीचे एक काका होते. मिलमध्ये साच्यावर कापड विणायचे, संपात घरी बसले ते कायमचेच. फुकट मिळालेली कापडी पिशवी त्यांनी दोन बोटांत चोळून पाहिली आणि "कच्चं सूत" म्हणून खुर्चीखाली टाकली.

"संपानंतर आम्हाला मेणबत्त्या करायला शिकवलेलं," ते म्हणाले. "तेव्हापण असेच गार पोहे होते."

मॅडमनी परळचा नकाशा भिंतीवर लावला. पूर आला तर जिथे जीव वाचेल, तिथे हिरवा ठिपका चिकटवा, म्हणाल्या. काका उठले आणि त्यांनी ठिपका सरळ याच टॉवरवर चिकटवला.

मॅडम बालवाडीतल्या बाईंसारख्या हसल्या. "काका, ही प्रायव्हेट प्रॉपर्टी आहे ना!" त्यांनी नखाने ठिपका उचकटला आणि नाल्याकाठच्या शाळेवर लावला.

"त्या शाळेत दर पावसाळ्यात कंबरभर पाणी भरतं, बाय."

"पण प्लॅनमध्ये शाळाच आहे," मॅडम म्हणाल्या. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. लाज वाटते, पण मीही वाजवल्या.

शेवटी सर्टिफिकेट देताना मॅडमनी प्रत्येकाला विचारलं, आज काय शिकलात?

काकांनी तो कागदही दोन बोटांत चोळून पाहिला.

"पाणी चढलं तरी आपण चढायचं नाही," ते म्हणाले.