तक्रारीचा रकाना

"कोनी तक्रार शे का?"

सामना संपला, हरलेल्यांनी रागारागाने बुटांच्या नाड्या सोडायला घेतल्या, की भाऊ हा प्रश्न विचारायचे. दोन्ही कर्णधारांना टेबलापाशी बोलावून, एकदा याच्याकडे आणि एकदा त्याच्याकडे बघत. बास्केटबॉलच्या गुणपत्रिकेत तळाला एक छोटा रकाना असतो. निकाल मान्य नसेल तर कर्णधाराने तिथे सही करायची. जिल्ह्याच्या सामन्यात त्या रकान्याकडे कुणी ढुंकूनही बघत नाही. भाऊ मात्र दोघांच्या तोंडून 'नाही' ऐकल्याशिवाय पुढे जात नसत. मग शेवटच्या आकड्याखाली दोन जाड रेघा ओढायचे आणि म्हणायचे, "चाला आते, जेवाले."

ही सवय मार्केट यार्डातली. भाऊ तिथे मापाडी होते. पोतं काट्यावर चढलं की वजन मोठ्याने बोलायचं, शेतकऱ्याने ऐकलं, व्यापाऱ्याने ऐकलं, की मगच लिहायचं, आणि शेवटी दोघांना विचारायचं. मूळचे पिंपळनेरकडचे, जळगावात तीस वर्षं काढून बोली तिकडचीच ठेवली होती. घर मेहरूणला, आमच्या शाळेच्या मैदानाला लागून. मी त्या शाळेत क्रीडाशिक्षक. एका संध्याकाळी माझा गुणलेखक आलाच नाही, म्हणून कुंपणाबाहेर उभ्या असलेल्या या बुटक्या माणसाला मी आत बोलावलं आणि विचारलं, आकडे नीट लिहिता येतात का. सुताराला करवत धरता येते का विचारल्यासारखं त्यांनी माझ्याकडे पाहिलं.

चार सामन्यांत ते माझ्यापेक्षा चांगलं लिहायला लागले. "आकडा आधी बोलाना, मंग लिखाना," म्हणायचे, आणि प्रत्येक बास्केटला यार्डातल्या आवाजात गुण पुकारायचे. परगावचे खेळाडू पहिल्यांदा दचकायचे. कुणी उंचीवरून चिडवलं तर स्वतःच हसायचे: "या खेळमां माले फक्त बठानीच जागा शे."

असा माणूस तुमच्याही पाहण्यात असेल. फोटोत कधीच नसतो, पण त्याच्यावाचून सामना सुरू होत नाही. मी त्यांच्याविषयी चारचौघांत नेहमी चांगलंच बोललो. फक्त एकदाच, जिथे बोलायला हवं होतं तिथे, माझी जीभ वळली नाही.

आशियातल्या क्लबांची अजिंक्यपद स्पर्धा होती, पुरुषांची. तिच्या एका गटाचे सामने दक्षिणेतल्या एका शहरात होणार होते. टेबलाच्या कामाला माणसं हवी होती आणि कुणीतरी भाऊंचं नाव सुचवलं होतं. संघटनेतल्या एका गृहस्थांनी मला फोन केला.

"तुमच्याकडचे ते मापाडी. परदेशी संघ असतील, मोठं टेबल असेल. जमेल ना त्यांना?"

'जमेल' एवढंच म्हणायचं होतं.

"माणूस पक्का आहे," मी म्हणालो, "पण..."

"पण काय?"

"इंग्रजीचा प्रश्न आहे."

"मग तुम्हीच या ना, सर."

"बघतो," मी म्हणालो. काय बघणार होतो? कपाटावरची बॅग तर तेव्हाच बघून झाली होती. पंचवीस वर्षं पोरांना धाप लागेपर्यंत पळवून मला कधी कुणी जिल्ह्याबाहेर बोलावलं नव्हतं. ही सबब नव्हे. पण असं करताना माणसाच्या मनात काहीतरी चालू असतं, ते तुम्हाला ठाऊक असावं.

भाऊंना मी सांगितलं की वरच्यांना इंग्रजी येणारा माणूस हवा होता. म्हणजे स्वतःचं वाक्य दुसऱ्याच्या नावावर खपवलं. भाऊंनी खिशातलं लाल-निळ्या रिफिलीचं पेन काढून माझ्या हातात ठेवलं. गुणपत्रिकेत पहिला-तिसरा क्वार्टर लाल शाईने आणि दुसरा-चौथा निळ्याने लिहितात. "पेन सापडत नही टेबलवर ऐनवेळले," ते म्हणाले. "लई जा."

आणि यार्डभर सांगत सुटले, "आपला सर आशियाना टेबलवर बठनार शे."

तिथे मला बाण फिरवायला बसवलं. दोघांच्या हातात चेंडू अडकला की पुढचा ताबा कुणाचा, हे दाखवणारा एक लाल बाण टेबलावर असतो. एकदा डावीकडे, एकदा उजवीकडे. पाच दिवस मी तो फिरवला. माझ्या शेजारी बसणाऱ्या परदेशी अधिकाऱ्याला इंग्रजीतलं 'येस' आणि 'ओके' एवढंच येत होतं. बाकी सगळं तो बोटांनी सांगायचा आणि सगळ्यांना कळायचं.

तिसऱ्या दिवशी, एका सामन्याच्या तिसऱ्या क्वार्टरमध्ये कम्प्युटर अडकला. कागदावरचे गुण आणि फलकावरचे गुण यांत दोनचा फरक निघाला. दहा मिनिटं सामना थांबला. ते दहा उंचच उंच खेळाडू कमरेवर हात ठेवून आमच्याकडे बघत उभे होते, आणि टेबलावरचे आम्ही सगळे एकमेकांकडे. गुण मोठ्याने पुकारणारा त्या टेबलावर कुणी नव्हता. जळगावात एक होता. शेवटी चित्रण पुन्हा बघून आकडा ठरवला.

परतीच्या गाडीत मला पेन आठवलं. दोन्ही रिफिली काठोकाठ भरलेल्या. भाऊ पेन उजेडात धरून बघणार, हे मला पक्कं माहीत होतं. म्हणून जुन्या वर्तमानपत्राच्या कोऱ्या समासांवर मी भुसावळ येईपर्यंत रेघोट्या मारत बसलो, आधी लाल, मग निळ्या. समोरच्या बाईंनी विचारलं, पेन बिघडलंय का. मी हो म्हणालो.

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी भाऊंकडे गेलो. त्यांनी पेनाकडे पाहिलंसुद्धा नाही. "बान बराबर फिरावात तुम्ही," ते म्हणाले. "एकदाबी चुकनात नही."

सामने मोबाइलवर दिसत होते, हे माझ्या डोक्यातच आलं नव्हतं.

मग त्यांनी ट्रंकेतून एक कागद काढला. थांबलेल्या सामन्याची गुणपत्रिका. घरात बसून, मोबाइल डब्याला टेकवून, त्यांनी अख्खा सामना लिहिला होता. लाल, निळा, लाल, निळा. वहिनी आतून म्हणाल्या, "दोन घंटा बोंबलत व्हतात, शेजारना लोके इचारी गयात."

मी थेट तिसऱ्या क्वार्टरकडे गेलो. चित्रण बघून ठरवलेला आकडा तिथे होता. कुठे खाडाखोड नव्हती.

"इंग्लिश बरंच लागनं व्हई तठे?" भाऊंनी विचारलं.

दार उघडं होतं, वहिनी आत होत्या, समोर फक्त ते. मला पुन्हा एक संधी मिळाली होती.

"हो," मी म्हणालो. "बरंच लागलं."

त्यांनी मान हलवली. पटलं त्यांना. मग कागद माझ्यासमोर सरकवला. खाली गुणलेखकाची जागा मोकळी होती. "तुम्ही सही करा सर. मी तठे नव्हतू."

मी सही केली. त्यांच्याच पेनाने.

त्यांनी कागद परत घेतला आणि नेहमीसारखं विचारलं, "कोनी तक्रार शे का?" खोलीत आम्ही दोघंच होतो, तरी एकदा उजवीकडे, एकदा डावीकडे पाहिलं. मी 'नाही' म्हणालो. त्यांनी दोन जाड रेघा ओढल्या. "चाला आते, जेवाले."

मी जेवलोही. शेवभाजी होती, आणि वहिनींनी दोनदा वाढली.

त्यानंतर दोन वर्षं रोज त्यांच्या दारावरून शाळेत गेलो. आज सांगू, उद्या सांगू. गेल्या उन्हाळ्यात भाऊ गेले. यार्डातून घरी आले, पाणी मागितलं आणि गेले, एवढंच.

भेटायला गेलो तेव्हा तो कागद भिंतीवर होता, प्लास्टिकच्या पाकिटात. "तुमनी सही शे म्हनीसन लाई ठेवेल व्हता," वहिनी म्हणाल्या. "येनारा-जानारास्ले दखाडेत."

मी जवळ जाऊन पाहिला. गुणलेखक म्हणून माझं नाव, वळणदार. त्याच्याखाली तक्रारीचा रकाना, कोरा. तिथे भाऊंची सही हवी होती, आणि तक्रार कशाची करायची हे त्यांना सांगू शकणारा एकच माणूस होता.

वहिनींनी विचारलं, "चहा मांडू का?"

मी हो म्हणालो.