समोरच्या दाराचा गणपती

श्रीगजाननाच्या चरणी वंदन करतो. आज माघी चतुर्थी. सकाळी पूजेला बसलो असता कल्याणच्या जुन्या वस्तीतील ती गणेशपट्टी नेहमीप्रमाणे डोळ्यांपुढे आली. तिच्या चोरीचा तपास आजही मनातून जात नाही.

त्या आळीची रचना आगळी होती. दगडी जोती, कौलारू छपरे, कोरीव सज्जे. आणि प्रत्येक घराचे दार समोरच्या घराच्या दाराशी नेमके जुळलेले. पूर्वी कोकणातून आलेल्या कुटुंबांनी ती तशीच वसवली होती. माझ्या पोलिसी कारकिर्दीच्या अखेरीस घरे पुनर्बांधणीसाठी रिकामी होऊ लागली, आणि एका निवृत्त मास्तरांच्या चौकटीवरील लाकडी गणेशपट्टी, घरात कोणी नसताना, चोरीस गेली.

पंचनाम्यासाठी सकाळीच पोहोचलो. कोवळे ऊन सज्जांच्या कोरीव कामातून झिरपून आळीत उतरत होते. रिकामी घरे साखरझोपेत असावीत तशी शांत होती. उंबऱ्याशी नारळाची करवंटी आणि कुंकू सांडलेले दिसले.

"साहेब, चोर भलताच देवभोळा," हवालदार हसले. "चोरी पण करायची आणि नारळ पण फोडायचा!"

खबऱ्याकडून वार्ता आली, की रिकाम्या घरांची दारे उतरवणाऱ्या सुताराला आदल्या दुपारी आळीत टेम्पोपाशी पाहिले होते. त्याला पोलीस ठाण्यात बोलावले.

"टेम्पो मास्तरांच्या समोरच्या घरातल्या नानांचा होता, साहेब. कपाट न्यायला आलेले. मी कपाटाला नुसता हात लावला आणि जेवायला गेलो."

"देवाच्या लाकडाला हात लावण्याआधी तू नारळ फोडतोस ना?"

"फोडतो. पण मालकाच्या हातानं, मालकासमोर." तो पुढे झुकला. "साहेब, पोरीचं लग्न तोंडावर आलंय. मला आत टाकलं हे मुलाकडच्यांना कळलं, तर मोडेल ते."

नारळ त्याच्याविरुद्ध होता. मन मात्र त्याच्या बाजूने होते. अटक लांबवून मी पुन्हा आळीत गेलो. मास्तर व त्यांच्या पत्नी सामान बांधत होते. पट्टी कशी होती, सोंड कुठे वळलेली, असे मी काकूंना विचारले. त्या गोंधळल्या, मग हसल्या.

"अहो, आम्हाला कुठली नीट दिसायला! ती आमच्या डोक्यावर. आमच्या आळीत सकाळी दार उघडलं की समोरच्यांच्या गणपतीला हात जोडायचे. आमचा गणपती नानांचा, नानांचा आमचा. सोंड कुठे ते नानांनाच विचारा."

मी उंबऱ्यावर उभा राहून समोर पाहिले. नानांच्या बंद दारावरचा गणपती जागेवरच होता. आपली पट्टी मागे ठेवून गेलेला माणूस काय घेऊन गेला असेल, हे मला तेथेच उमगले.

नाना आता ठाणे शहरात घोडबंदर रोडवर मुलाकडे, उंच इमारतीत राहत. त्यांनी दार उघडले आणि मी नकळत मागे वळून पाहिले. त्यांच्या दारासमोर, लिफ्टशेजारच्या भिंतीवर, ती पट्टी किंचित तिरकी लावलेली होती.

"या साहेब," नाना खाली मान घालून म्हणाले. "नारळ फोडूनच आणला त्याला. जन्मभर दार उघडलं की तोच दिसायचा. इथे लिफ्ट दिसते हो. लिफ्टला नमस्कार कसा करायचा?"

सुताराचे नाव गुंतल्याचे सांगताच ते घाईघाईने पायांत चपला सरकवू लागले. ते त्यांना ठाऊकच नव्हते.

पोलीस ठाण्यात मास्तर कडाडले, "अरे नाना, मागायचीस की!"

"मागणार होतो. पण तूच म्हणालास ना, नव्या दिवाणखान्यात टांगणार. तिथं समोर दार कुठलं?"

मास्तर माझ्याकडे वळले. मग म्हणाले, "साहेब, माझी तक्रार नाही. पट्टी त्याच्याकडेच राहू द्या. माझ्या दिवाणखान्यात ती नुसतं लाकूड झाली असती."

न्यायालयाच्या अनुमतीने रीतसर तडजोड झाली. त्याआधी नाना सुताराच्या दारी जाऊन हात जोडून उभे राहिले.

"जाऊ द्या, नाना," सुतार म्हणाला. "पण खिळे भलतेच वाकडे ठोकलेत तुम्ही. लग्न उरकलं की मीच नीट बसवून देतो."

आयुष्यभर मी वस्तूचा मालक शोधत आलो. घराचे मांगल्य बहुधा समोरच्याच्या वाट्याला येते, हे त्या आळीने शिकवले. ती आळी आता उरली नाही. पण पहाटे दार उघडताना मी अजूनही आधी समोरच्या दाराकडे पाहतो.

वाचकहो, आपल्या दारावरचा विघ्नहर्ता समोरच्या घराचे रक्षण करो, आणि समोरच्या दारावरचा आपल्या मुलाबाळांचे. शुभं भवतु.