धाकटीचं वाचन

माझी धाकटी जाऊ सातवी शिकलेली. आमच्या घरात ती म्हणजे विद्यापीठच. माझी शाळा दुसरीत सुटली, तेव्हा इथे काना-मात्रा हलला असेल तर सांभाळून घ्या.

आम्ही दोघी शर्टाच्या कारखान्यात काजं-बटणं करायचो. तिथली रीत अशी, की एकीने मोठ्याने वाचायचं आणि बाकीच्यांनी तिच्या वाटची बटणं लावून द्यायची. वाचायला कायम धाकटी. गळा असा, की औषधाच्या बाटलीवरचं वाचलं तरी बायांनी डोळे पुसावेत.

गोष्टींची पुस्तकं संपली तसा मुकादम फुकटातल्या पुस्तिका आणून द्यायला लागला. सगळं कालव्यापलीकडच्या लोकांबद्दल. ते आपलं काम खातात, आपल्या पोरी पळवतात. लिहिणारा मोठा हुशार. आधी आपली पाठदुखी, आपल्या आईचे कष्ट असं काही सांगायचा, की वाटावं हा आपल्याच घरात राहून गेलाय. मन हळवं झालं, की मग हळूच सुरी काढायचा.

"तुला पटतं का गं हे?" मी विचारलं.

"मी कुठे लिहिलंय, ताई? मी नुसतं वाचते."

आमची इस्त्रीवाली कालव्यापलीकडचीच, आणि धाकटीची जिवाभावाची. तीही इस्त्री फिरवत ऐकायची. "तू त्यातली नाहीस हं," बाया म्हणायच्या. ती हसायची. एका सोमवारी ती आली नाही. आठवडाभर आली नाही. धाकटीला घास जाईना. शेवटी मला घेऊन तिच्या घरी गेली.

"कोणी बोललं का तुला?"

"छे गं."

"मग माझ्यावर रागावलीस?"

"तुझ्यावर कशाला? फार छान वाचतेस तू." तिने चहाचे कप पुढे सरकवले. "परवा दीर दारात आला आणि मी पोरीला आत ओढलं. माझा सख्खा दीर. त्याच्या हातात तिच्यासाठी चपला होत्या. तेव्हा म्हटलं, आता पुरे."

धाकटी चहा न पिताच उठली.

दुसऱ्या दिवशी तिने स्वतःच सुई ओवली. "माझी बटणं मी लावते," म्हणाली. मुकादमाने वाद घातला नाही. पुस्तिका कोपऱ्यातल्या एकीच्या हातात दिली. ती बिचारी अक्षराला अक्षर जोडून, भलत्याच जागी थांबत वाचणारी. मला हायसं वाटलं. म्हटलं, आता बाया कंटाळतील.

थोड्या वेळाने पाहिलं, तर सगळ्यांच्या सुया थांबलेल्या. फक्त धाकटीची चालू होती.