वल्ह्याचा आवाज

घरातली पहिली पदवीधर मी. तालुक्याच्या कॉलेजातून थेट अंधेरीत, एका निर्मात्या मॅडमच्या ऑफिसात नोकरी मिळाली, त्याचे उपकार आजही मानते. निर्माता म्हणजे पैसे लावणारा, एवढीच माझी समजूत होती. तो आणखी काय करतो, ते वर्सोव्याच्या किनाऱ्यावर कळलं.

सिनेमा कोळ्यांवरचा. हिरोने गुंडांना झोडपायचं आणि शेवटी होडीच्या टोकावर बूट रोवून कॅमेऱ्याकडे बघायचं, असा शॉट. होडी खरी, भाड्याने घेतलेली. टोकाला कुंकू आणि सुकलेला हार होता. फ्रेममध्ये बरा दिसत नाही म्हणून हार आम्हीच काढला. त्या टोकाची पूजा होते, तिथे चप्पल घालून कुणी पाय ठेवत नाही, हे आम्ही कुणाला विचारलंच नाही.

हिरोने बूट ठेवला आणि होडीचा मालक ओरडत धावला, “पाय काढ रं! होरी हाय ती, तुज्या घरचा जिना नाय!”

“काका, शॉट चालू आहे ना,” हिरो हसला.

मालकाने वल्हं उचललं. हिरोचा डुप्लिकेट आडवा आला, त्याचा हातच मोडला. मग किनाऱ्यावरचे सगळे कोळी तुटून पडले, आमची पोरं लाइटचे स्टँड घेऊन भिडली. कुणाचं तोंड फुटलं, कुणाला रेतीत दाबून लाथा बसत होत्या. मॅडम हात पसरून मध्ये घुसल्या. मालकाच्या वल्ह्याचा पुढचा फटका त्यांच्या डाव्या कानावर बसला. त्या गुडघ्यांवर कोसळल्या, रक्त मानेवरून पदरात उतरलं. तेव्हा कुठे सगळे थांबले.

“पोलिसांना बोलवा!” दिग्दर्शक किंचाळला.

“आधी याचे बूट काढा,” मॅडम म्हणाल्या.

हिरो भडकला. “माझा शॉट हाच राहील. नाहीतर मी निघालो. मग विका तुमचा सिनेमा कसा विकताय ते!”

“नीघ.”

तो गेला, त्याच्यामागे पैसे लावणारेही गेले. भाडं परवडेना, ऑफिसची जागा सोडावी लागली. मॅडम घाटकोपरच्या घरातून फोन करत राहिल्या, नवा नट आणि नवे पैसे मिळेपर्यंत. पुन्हा वर्सोव्याला गेलो तेव्हा मालक खाली मान घालून आला.

“तुला नव्हता मारायचा, बाय.”

“ठाऊक आहे.” मॅडमनी नव्या नटाला पुढे केलं. “कसा मारलास ते आता याला शिकव.”

नवा नट अनवाणी लढला. टोकावर पाय कुणीच ठेवला नाही.

पुढे साउंड स्टुडिओत मॅडमनी मला डावीकडे बसवलं. त्या कानाने त्यांना ऐकू येईनासं झालं होतं. पडद्यावर वल्हं बसलं आणि स्पीकरमधून मोठा धमाका झाला.

“त्या दिवशी असाच आवाज आला होता?” त्यांनी विचारलं. “मला आठवत नाही. तू जवळ होतीस.”

“नाही मॅडम. ओल्या गोणीवर काठी मारल्यासारखा. अगदी लहान.”

साउंडवाला म्हणाला, “मॅडम, पब्लिकला मजा नाही येणार.”

“नको येऊ दे,” त्या म्हणाल्या. “ओली गोणी आण.”